पाड्याचा रस्ता अडला आहे? अर्ज कोणाकडे, कोणत्या कलमाखाली, कागद कोणते

मोखाडा, जव्हार, धडगाव, भामरागड या भागांत आजही पावसाळ्यात गरोदर बाईला झोळीत घालून डांबरी रस्त्यापर्यंत न्यावं लागतं. निधी नाही, हे बऱ्याचदा त्यामागचं खरं कारण नसतं. 'जागा वनखात्याची आहे' किंवा 'मालक वाट देत नाही' एवढ्यावर फाइल थांबलेली असते. या दोन्ही अडचणींवर कायद्यात वाट आहे. मात्र वनजमिनीचा अर्ज तहसीलदाराकडे गेला, तर वर्ष तिथंच जातं. म्हणून आधी तलाठ्याकडून गावनकाशा आणि वाटेत येणाऱ्या प्रत्येक गटाचा सातबारा घ्या आणि वाट कोणाच्या जमिनीतून जाते ते ठरवा.

वाट वनजमिनीतून जात असेल तर

वनहक्क कायदा, २००६ मधलं कलम ३(२) पाड्यांसाठी सगळ्यात उपयोगाचं आहे, आणि सगळ्यात कमी वापरलं जातं. शाळा, अंगणवाडी, पाण्याची पाइपलाइन, रस्ते अशा १३ सुविधांसाठी वनजमीन देण्याची तरतूद त्यात आहे. त्यासाठी १९८० च्या वनसंवर्धन कायद्याची लांबलचक मंजुरी लागत नाही. अटी तीन आहेत. प्रत्येक प्रकरणात जमीन १ हेक्टरपेक्षा कमी हवी, हेक्टरी ७५ पेक्षा जास्त झाडं तुटता कामा नयेत आणि ग्रामसभेची शिफारस हवी. ६ मीटर रुंदीचा रस्ता धरला, तर १ हेक्टरमध्ये साधारण १,६०० मीटर लांबी बसते. बऱ्याच पाड्यांची अडचण एवढ्याच अंतराची असते.

सुविधा सरकारी असावी लागते. त्यामुळे प्रस्ताव गावकऱ्यांच्या नावाने जात नाही. तो ग्रामपंचायत, जिल्हा परिषद किंवा बांधकाम विभाग पाठवतो. गावकऱ्यांच्या हातात ठराव असतो आणि सगळं त्याच्यावरच उभं राहतं. अनुसूचित क्षेत्रात पाड्याची स्वतंत्र ग्रामसभा घोषित असेल, तर तिचाच ठराव घ्या. निम्मे सदस्य हजर हवेत आणि हजर असलेल्यांत एक तृतीयांश महिला हव्यात. सह्या-अंगठे हजेरीपटावर त्याच दिवशी घ्या. ठरावात रस्ता कुठून कुठे जातो, गट किंवा कंपार्टमेंट (वनखात्याने पाडलेला जंगलाचा भाग) नंबर, लांबी, रुंदी आणि तुटणारी झाडं लिहा. 'रस्ता व्हावा' एवढंच लिहिलेला ठराव परत येतो.

केंद्रीय आदिवासी कार्य मंत्रालयाने मे २००९ मध्ये ठरवून दिलेल्या पद्धतीप्रमाणे प्रस्ताव पाठवणारी यंत्रणा 'फॉर्म ए' भरून ठरावासह वनपरिक्षेत्र अधिकाऱ्याकडे देते. त्याने जागा पाहून ३ आठवड्यांत अहवाल उपवनसंरक्षकाकडे पाठवायचा असतो आणि उपवनसंरक्षकाने ४ आठवड्यांत निर्णय घ्यायचा असतो. त्याचा नकार असेल, तर विषय जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालच्या जिल्हास्तरीय समितीपुढे जातो. तोंडी 'होणार नाही' ऐकून परत येऊ नका. नकार लेखी मागा आणि पोच घेतल्याशिवाय कागद देऊ नका.

वाट खासगी जमिनीतून जात असेल तर

पूर्वापार वहिवाटीची, शेतजमिनीकडे जाणारी वाट कोणी नांगरली, कुंपण घातलं किंवा चर खणला, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदारांकडे दावा करा. मुदत अडथळा आल्यापासून ६ महिने आहे. मालकाशी बोलणी चालू ठेवा, पण तारीख चुकवू नका. बोलण्यात मुदत संपल्यामुळे चांगले दावे बुडतात. शेताला वाटच नसेल, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम १४३ खाली बांधावरून वाट मागता येते. तिथं अर्जदार जमीनधारक असावा लागतो.

अर्जाला दोन्ही बाजूंचे सातबारे, गावनकाशाची प्रत, वाटेचा कच्चा नकाशा, अडथळ्याचे फोटो आणि वाट वापरणाऱ्या जुन्या माणसांचे जबाब जोडा. नकाशावर तुटक रेषांनी वाट दाखवलेली असेल, तर ती ठळकपणे दाखवून द्या. स्थळपाहणीच्या दिवशी पाड्यावरची माणसं जागेवर हजर ठेवा, कारण पंचनाम्यात काय उतरतं त्यावर निकाल फिरतो. कलम ५ च्या आदेशावर अपील नाही, पुनरीक्षण (वरिष्ठांकडून आदेशाची फेरतपासणी) आहे. कलम १४३ च्या निर्णयाविरुद्ध एका वर्षात दिवाणी दावा करता येतो. गावच्या सार्वजनिक रस्त्यावरच अतिक्रमण असेल, तर ते काढण्याचा अधिकार ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम ५३ नुसार पंचायतीलाच आहे.

जागा मोकळी झाल्यावर

आता रस्त्याच्या कामाची मागणी करायची. कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड वस्त्यांसाठी पीएम-जनमन या केंद्राच्या योजनेत रस्त्यासाठी किमान १०० लोकसंख्येची अट आहे. इतर पाड्यांनी राज्याच्या भगवान बिरसा मुंडा जोडरस्ते योजनेची मागणी त्याच ठरावात घालावी.

सगळीकडे दाद मागूनही हललं नाही, तर उच्च न्यायालयाचं दार आहे. हिमाचलमधल्या उमेद राम शर्मा प्रकरणात १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने डोंगराळ भागातल्या लोकांसाठी रस्ता हा घटनेच्या कलम २१ मधल्या जगण्याच्या हक्काचा भाग मानला. अर्जात हा निकाल जरूर लिहा. वकिलाच्या खर्चाला घाबरू नका. अनुसूचित जमातीच्या व्यक्तीला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. जातीचा दाखला घेऊन तालुका विधी सेवा समितीकडे साधा अर्ज करायचा. ही समिती तालुक्याच्या न्यायालयातच असते.