गाळ्यांचा वाद: डिपॉझिट की पागडी?

बाजारपेठेतले ग्रामपंचायतीचे गाळे रिकामे करण्याच्या नोटिशा निघाल्या की बोलणं थकबाकी, भाडेवाढ आणि फेरलिलावाभोवती फिरतं. कोकणातल्या बऱ्याच गावांत मात्र भांडणाचं मूळ एका शब्दात आहे: डिपॉझिट.

रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या ग्रामपंचायतींकडे बांधकामाला पैसा नसायचा. मग एसटी थांब्याजवळची जागा निवडायची, गरजू दुकानदारांकडून आगाऊ रक्कम घ्यायची आणि त्याच पैशातून जांभ्या चिऱ्यांचे गाळे उभे करायचे, अशी वाट अनेक गावांनी धरली. पंचायतीच्या वहीत ती रक्कम ‘अनामत’, म्हणजे कधीतरी परत द्यायची. दुकानदाराच्या मनात ती पागडी, म्हणजे जागेचा ताबा टिकून राहावा म्हणून एकदाच भरलेली रक्कम. यात त्याची लबाडी नव्हती. त्याचा बाप किंवा काका गिरणगावातल्या चाळीत राहिलेला. पागडी भरून खोली घेतली की मालक सहजासहजी बाहेर काढू शकत नाही, हे त्या घराने मुंबईत पाहिलेलं. तोच हिशेब त्याने गावच्या गाळ्याला लावला.

कायदा तसा नाही. मुंबईतल्या भाडेकरूला आधार देणारा १९४७चा भाडे नियंत्रण कायदा स्थानिक स्वराज्य संस्थांच्या जागांना लागू नव्हता. त्याच्या जागी आलेला १९९९चा कायदा ३१ मार्च २००० पासून अमलात आला. त्याने पागडी घेणं वैध ठरवलं, पण स्थानिक संस्थांच्या मालमत्तेला पुन्हा बाहेरच ठेवलं. मग गाळेधारकाच्या हाती उरतो १८८२चा मालमत्ता हस्तांतरण कायदा. त्यात महिन्याच्या भाडेकरूचा करार पंधरा दिवसांच्या नोटिशीवर संपवता येतो. तीस वर्षं दुकान चालवलेल्या माणसाला हे पहिल्यांदा वकिलाच्या टेबलावर कळतं.

करार अकरा महिन्यांचे. एक वर्षाहून मोठ्या मुदतीचा भाडेपट्टा नोंदवावा लागतो, शिवाय ग्रामपंचायत कायद्यानुसार मोठ्या मुदतीला जिल्हा परिषदेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांची पूर्वमंजुरी लागते. अकरा महिन्यांत दोन्ही टळतं. मुदत संपली तरी नवा कागद होत नाही, भाडं मात्र घेतलं जातं. पावती पुस्तकं चाळली तर एका वर्षी ‘गाळा भाडे’ आणि पुढच्या वर्षी, बहुधा कुणीतरी सल्ला दिल्यावर, ‘जागा वापर शुल्क’ लिहिलेलं सापडतं. गाळा तोच, शटर तेच, रक्कमही तीच. एका शब्दाने माणूस भाडेकरू होतो, दुसऱ्याने परवानाधारक, म्हणजे जागेवर हक्क नसलेला, नुसती वापराची मुभा असलेला. कागदावर काय लिहिलंय यापेक्षा हेतू काय होता आणि ताबा पूर्णपणे कुणाकडे होता हे पाहावं, असं सर्वोच्च न्यायालयाने १९५९मध्येच सांगितलं आहे. त्यामुळे पावतीवरचा शब्द बदलून पंचायतीची सुटका होत नाही.

हे सगळं इतकी वर्षं निभावलं, कारण भाडं किरकोळ होतं आणि गाळ्याला दुसरा गिऱ्हाईक नव्हता. चित्र पालटलं ते १९९७-९८च्या सुमारास. सिंधुदुर्ग पर्यटन जिल्हा जाहीर झाला, २६ जानेवारी १९९८पासून कोकण रेल्वे पूर्ण मार्गावर धावू लागली. पुढे महामार्गाच्या चौपदरीकरणात रस्त्याकडेची दुकानं गेली आणि आत सरकलेल्या व्यापाऱ्यांना गाळे हवे झाले. खासगी गाळ्याचं भाडं कुठल्या कुठे गेलं, शेजारच्या पंचायतीच्या गाळ्याचं जुन्याच आकड्यावर राहिलं. लेखापरीक्षणात त्यावर शेरे येऊ लागले. सार्वजनिक मालमत्ता खुल्या लिलावाने द्यावी हे तत्त्वही न्यायालयांनी वारंवार मांडलं आहे, आणि गावाचं उत्पन्न वाढायला हवं यात दुमत असू नये.

खरा वाद लिलावाच्या ठरावावर होतो. आधीच्या गाळेधारकाला शेवटच्या बोलीइतकी रक्कम भरून गाळा ठेवण्याची संधी द्यायची की नाही, हे ठरावात स्पष्ट नसतं. डिपॉझिट परत करायचं तर १९८०च्या दशकातले पाच हजार पाच हजारच धरायचे का, याचं उत्तरही नसतं. ज्याच्या पैशाने भिंती उभ्या राहिल्या, त्याच्या हाती आज तेवढेच पाच हजार ठेवणं, नियमात बसलं तरी, मला न्याय्य वाटत नाही.

एक गोष्ट मात्र ठरलेली आहे. मुदत संपलेल्या ताबेदारालाही कायद्याची रीत सोडून, रातोरात कुलूप लावून बाहेर काढता येत नाही. त्यामुळे पंचायतीने शटरला सील ठोकलं की दुकानदार दिवाणी न्यायालयात मनाईसाठी धावतो. ‘जैसे थे’चा आदेश झाला की लिलाव थांबतो, भाडं जुन्याच दराने जमा होतं, आणि गळक्या छपराची डागडुजी कुणी करायची हा प्रश्न पुढच्या तारखेवर जातो.