ऑफलाइन एडिट आणि ऑनलाइन एडिट: माहितीपटाच्या संकलनातली दोन कामं

माहितीपटाच्या श्रेयनामावलीत 'संकलक' आणि 'ऑनलाइन एडिटर' अशी दोन नावं दिसली, की दोघांनी काम अर्धं-अर्धं वाटून घेतलं असेल असं वाटतं. तसं नसतं. ६० तासांच्या फुटेजमधून ५२ मिनिटांची फिल्म शोधणं हे ऑफलाइन; कोणती मुलाखत कुठे तोडायची, कोणाला पूर्ण गाळायचं, यात महिने जातात. पिक्चर लॉक झाल्यावर, म्हणजे कट पक्का ठरल्यावर, तोच कट मूळ फुटेजवर फ्रेम-टू-फ्रेम जुळवून प्रक्षेपणायोग्य करणं हे ऑनलाइन. ते बरेचदा आठवड्याभरात उरकतं.

ऑफलाइन प्रॉक्सीवर, म्हणजे मूळ फुटेजच्या हलक्या प्रतींवर चालतं, कारण जागा. सेकंदाला २५ फ्रेमच्या यूएचडी (४के) फुटेजला प्रोरेस ४२२ एचक्यू या उच्च दर्जाच्या फॉरमॅटमध्ये तासाला सुमारे ३३० जीबी लागतात, एचडी प्रॉक्सीला १७. म्हणजे ६० तासांना २० टीबीऐवजी एक टीबी.

ऑनलाइनला उघड्या पडणाऱ्या बहुतेक चुका ऑफलाइनच्या पहिल्या दिवशीच झालेल्या असतात. काही कॅमेरे कार्ड फॉरमॅट केलं की पुन्हा सी०००१ पासून मोजू लागतात. अशा दोन कार्डांवर एकाच नावाच्या क्लिप आल्या, टाइमकोडही (प्रत्येक फ्रेमवरचा वेळेचा आकडा) जुळला, की कन्फॉर्ममध्ये, म्हणजे कट मूळ फुटेजवर जुळवताना, भलताच शॉट येऊन बसतो. म्हणून कार्डागणिक वेगळा रील नंबर (त्या कार्डाची ओळख) हवा, आणि प्रॉक्सीचं नाव, टाइमकोड, ऑडिओ चॅनल मूळ क्लिपसारखेच. मोबाइलवरचं शूटिंग बहुतेकदा व्हेरिएबल फ्रेमरेटचं असतं, म्हणजे सेकंदाला किती फ्रेम ते बदलत राहतं. ते आधी स्थिर २५ वर आणलं नाही तर ओठ आणि आवाज यांची फारकत होते. कट ऑनलाइनकडे पाठवताना ईडीएल या साध्या कट-यादीवर तर विसंबूच नये: कट आणि डिझॉल्व्ह (एक शॉट दुसऱ्यात विरघळणं) नीट जातात, पण रीफ्रेमिंग, म्हणजे शॉट मोठा करून किंवा सरकवून केलेली चौकट, हरवतं. एक्सएमएल किंवा एएएफ या जास्त तपशील नेणाऱ्या फाइल द्या, सोबत टाइमकोड छापलेली रेफरन्स फाइलही. वॉटरमार्कवाल्या अर्काइव्ह (जुन्या संग्रहातल्या) क्लिपच्या जागी वॉटरमार्क नसलेली मास्टर बसवताना टाइमकोड अनेकदा जुळतच नाही. तिथे रेफरन्सवर डोळा ठेवून फ्रेम हातानेच शोधावी लागते.

मराठी नावपट्ट्या हे ऑनलाइनवाल्याचं वेगळं दुखणं. प्रीमियर या संकलनाच्या सॉफ्टवेअरमध्ये ग्राफिक्सच्या सेटिंगात दक्षिण आशियाई टेक्स्ट इंजिन निवडलेलं नसेल, तर 'दिग्दर्शक'मधली वेलांटी द-च्या आधी न येता नंतर दिसते.

छोट्या युनिटमध्ये दोन्ही कामं एकाच माणसाच्या गळ्यात पडतात. तरी पैसे ठरवताना ती वेगळी लिहून घ्यावीत, कारण लॉकनंतर निर्मात्याला सुचलेला 'एवढासाच' बदल ऑनलाइन, ग्रेडिंग (रंगसंस्कार) आणि साउंड मिक्स, तिन्ही पुन्हा उघडायला लावतो.