टायलर आणि टेलर: एक छप्पर झाकणारा, दुसरा कापड बेतणारा

माझा भाचा मेलबर्नला शिकायला गेला. पहिल्याच आठवड्यात फोनवर म्हणाला, "मावशी, आमच्या ग्रुपमध्ये टायलर म्हणून एक मुलगा आहे, फार चांगला आहे." पुढे दोन महिने आमच्या घरात टायलरचीच चर्चा. मग एकदा त्याने प्रोजेक्टच्या पहिल्या पानाचा फोटो पाठवला. पानावर चार नावं होती. त्यात टायलर कुठेच नव्हता, टेलर होता.

भाच्याच्या कानांचा यात काही दोष नाही. ऑस्ट्रेलियन बोलण्यात 'ए'चा सूर 'आय'कडे झुकतो. त्यांचा 'डे' आपल्याला 'डाय'सारखा ऐकू येतो. पूर्व लंडनच्या कॉकनी बोलीतही तसंच होतं. त्यामुळे टेलर नावाचा मुलगा स्वतःचं नाव सांगतो, तेव्हा मराठी कानाला टायलरच ऐकू येतं. त्या दिवसापासून मी या दोन नावांच्या मागे लागले आणि आता त्यांच्याबद्दल मला खरंच प्रेम वाटू लागलं आहे.

दोन्ही नावं मुलांना ठेवतात, दोन्ही आधी आडनावं होती आणि दोन्ही आडनावं धंद्यावरून पडली. शब्दांचं मूळ लॅटिनमध्ये आहे, हेही दोन्हींच्या बाबतीत खरं. साम्य इथे संपतं. अर्थाने ते दोन टोकांना आहेत. टायलरचं मूळ झाकण्याच्या क्रियेत आहे, टेलरचं कापण्याच्या.

टेलर आपल्याला सांगावा लागत नाही. गावोगावी 'लेडीज टेलर'च्या पाट्या आहेत. टायलरच्या बाबतीत मात्र मराठी माणूस हमखास फसतो, कारण 'टाइल' म्हटलं की आपल्याला फरशी दिसते. बाथरूमच्या टाइल्स, किचन ओट्यामागच्या टाइल्स. म्हणून टायलर म्हणजे फरशी बसवणारा मिस्त्री असं वाटतं. पण हे नाव पडलं तेव्हा टायलर जमिनीवर बसून काम करत नव्हता, तो छपरावर चढलेला असायचा. लॅटिनमधला 'तेगुला' म्हणजे छपराचं कौल. टायलर म्हणजे कौलं घालणारा आणि कौलं घडवणारासुद्धा. आपल्याकडे नळीची कौलं कुंभार करायचा आणि छपरावर चढवायला वेगळा माणूस असायचा. इंग्रजी नावात हा भेद उरलेला नाही, दोघांनाही टायलरच म्हणत.

'तेगुला' हा शब्द 'तेगेरे' या क्रियापदातून आला. तेगेरे म्हणजे झाकणं. याच मुळातून इंग्रजीतला 'थॅच' आला, म्हणजे गवताचं छप्पर. 'प्रोटेक्ट' म्हणजे पुढून झाकणं आणि 'डिटेक्ट' म्हणजे झाकण काढणं, हेही त्याच घरातले. डिटेक्टिव्ह आणि टायलर एका कुळातले आहेत, हे कळलं तेव्हा मी थक्क झाले होते. संस्कृतातला 'स्थग्' म्हणजे झाकणं, लपवणं, हा धातूही याच कुळातला मानला जातो. आपला 'ठग' त्याच धातूवरून आला असावा असं अनेक भाषाभ्यासकांचं म्हणणं आहे, लपवतो तो ठग. गंमत म्हणजे 1839 साली ठगांवर इंग्रजीत कादंबरी लिहून नाव मिळवणारा आणि पुढे नळदुर्गला कारभार पाहणारा अधिकारी होता मेडोज टेलर. शब्दाचं नातं टायलरशी आणि लिहिणारा टेलर!

आता टेलरकडे येऊ. लॅटिनमध्ये 'तालेआ' म्हणजे छाटलेली फांदी, काठी, लावण्यासाठी कापलेला तुकडा. त्यावरून 'तालिआरे' म्हणजे कापणं हे क्रियापद झालं. जुन्या फ्रेंचमध्ये त्याचं 'ताय्ये'सारखं रूप झालं आणि नॉर्मन लोकांबरोबर ते इंग्लंडला आलं. म्हणजे टेलर या शब्दात सुईदोरा कुठेच नाही, आहे ती कात्री. आपल्याकडचा 'दर्जी' फारसीतल्या 'दर्झ'वरून आला आणि दर्झ म्हणजे शिवण. फारसीने या माणसाला शिवणीवरून नाव दिलं, फ्रेंचने कापण्यावरून. जर्मन 'श्नायडर'चा अर्थही कापणाराच.

मला कापण्यावरून पडलेलं नाव जास्त पटतं. आमच्या गल्लीतल्या टेलरकडे ब्लाउजचं कापड दिलं की मास्तर आधी टेपने मापं घेतात, वहीत आकडे लिहितात, कापड टेबलावर दुहेरी पसरतात आणि खडूने रेषा ओढतात. मग थोडं थांबतात. कापड पुरेल का, बाही कुठून निघेल, पट्टी कुठे जोडता येईल, हे सगळं त्या थांबण्यात असतं. याला आपण 'बेतणं' म्हणतो. बेतून झालं की कात्री चालते आणि पुढचं शिवणकाम मशीनवर बसलेले कारागीर करतात. उसवलेली शिवण पुन्हा घालता येते, चुकीची कात्री लागली की कापड गेलं. मोठ्या दुकानांत पगार जास्त असतो तो कटिंग मास्टरचा, ते काही उगाच नाही. इंग्लंडात चौदाव्या शतकात अंगाबरोबर बसणारे कपडे आले, तेव्हा या बेतणाऱ्याचं महत्त्व आणखी वाढलं.

टेलरच्या शब्दकुळातले काही जण तर आपल्या रोजच्या तोंडी आहेत. 'रिटेल' म्हणजे मोठ्या मालातून तुकडा कापून विकणं, आपला किरकोळ धंदा. 'डिटेल' म्हणजे एखादी गोष्ट बारीक कापून सांगणं. आणि 'टॅली'! दुकानदार संध्याकाळी हिशेब टॅली करतात तो टॅली त्याच 'तालेआ'चा वंशज आहे. जुन्या इंग्लंडात रकमेच्या खाचा पाडून काठी उभी चिरायची, एक फाक देणेकऱ्याकडे, एक घेणेकऱ्याकडे. दोन्ही फाकी जुळल्या की हिशेब जुळला. सरकारी खजिन्यात हा प्रकार 1826पर्यंत चालू होता. त्या जुन्या काठ्या 16 ऑक्टोबर 1834 रोजी लॉर्ड्स सभागृहाखालच्या भट्ट्यांत जाळायला घातल्या आणि त्या आगीत जुनं पार्लमेंट बेचिराख झालं.

इंग्लंडात टेलर हे आडनाव अतिशय सामान्य आहे, स्मिथ आणि जोन्सच्या पंगतीतलं. रॉस टेलर न्यूझीलंडचा आणि मार्क टेलर ऑस्ट्रेलियाचा, क्रिकेट पाहणाऱ्यांना ही नावं पाठच आहेत. टायलर त्यामानाने फारच कमी. याचं कारण सोपं आहे. कपडे प्रत्येक गावात लागतात, कौलं प्रत्येक गावात नव्हती. माती चांगली होती तिथे, विशेषतः आग्नेय इंग्लंडात, कौलं होती. उत्तरेत दगडी पाट्यांची छपरं होती, तिथल्या कारागिराचं आडनाव 'स्लेटर' झालं. बाकी ठिकाणी गवत आणि बोरू. तिथला माणूस 'थॅचर', म्हणजे गवताने घर शाकारणारा. मार्गारेट थॅचर यांना हे आडनाव सासरचं मिळालं, पण अर्थ तोच. छपराचं काम तीन आडनावांत वाटलं गेलं, शिंप्याचं एकात राहिलं.

लंडनमध्ये मात्र टायलरला बरे दिवस आले ते आगीमुळे. 1212 साली शहरात मोठी आग लागली आणि त्यानंतर नव्या घरांवर गवताचं छप्पर घालायला बंदी झाली. मग कौलांची मागणी वाढली आणि खराब कौलांच्या तक्रारीही वाढल्या. 1477 साली इंग्लंडने कायदाच केला. साधं कौल साडेदहा इंच लांब, सव्वासहा इंच रुंद आणि किमान पाच अष्टमांश इंच जाड हवं. माती 1 नोव्हेंबरच्या आत खणायची, 1 फेब्रुवारीच्या आत उलटीपालटी करायची आणि मार्चच्या आधी कामाला घ्यायची नाही. मधली थंडी मातीला मुरू द्यायची. हा कायदा वाचताना मातीत हात घातलेला माणूस दिसतो.

ही कौलं आपल्या मंगलोरी कौलांसारखी नव्हती. चपटी, वरच्या कडेला दोन भोकं. भोकात ओकच्या लाकडाची खुंटी घालायची आणि खुंटी रिपेवर अडकवून कौल टांगायचं. मंगलोरी कौलाला मागे टाचा असतात, त्या रिपेवर बसतात. कोकणात मे महिन्यात कौलं चाळताना ज्यांनी हाताने कौल काढून रिपेवर परत बसवलं आहे, त्यांना हा खुंटीचा प्रकार लगेच कळेल.

टायलर म्हटलं की इंग्लंडच्या इतिहासात सगळ्यात आधी आठवतो तो वॉट टायलर. 1381 साली पंधरा वर्षांवरच्या प्रत्येकाकडून बारा पेन्सचा डोईपट्टी कर वसूल व्हायला लागला आणि शेतकरी उठले. केंटमधून निघालेल्या लोकांचा पुढारी होता वॉट. तो कौलं घालणारा असावा असं मानतात. राजा दुसरा रिचर्ड तेव्हा अवघा 14 वर्षांचा. 15 जूनला स्मिथफील्डच्या मैदानात बोलणी चालू असतानाच लंडनचा मेयर विल्यम वॉलवर्थ याने वॉटवर वार केला आणि त्याच दिवशी त्याला मारलं. त्याच्याबद्दल वाचताना दर वेळी जीव हळहळतो. ज्याच्या नावातच दुसऱ्याचं घर झाकणं आहे, त्याला भर मैदानात उघड्यावर मरण आलं.

लंडनच्या धंदेवाल्यांच्या जुन्या संघटना आजही आहेत आणि त्यांच्या मानाच्या क्रमात दोघांमधलं अंतर सरळ दिसतं. मर्चंट टेलर्सना पहिली सनद 1327 साली मिळाली. फरच्या, म्हणजे केसाळ कातड्यांच्या व्यापाऱ्यांशी त्यांचा मानावरून झगडा झाला, तेव्हा 1484 साली मेयरने निवाडा दिला: एक वर्ष एकाने सहावं बसायचं, दुसऱ्या वर्षी दुसऱ्याने. ती अदलाबदल अजून चालू आहे. टायलर आणि वीटबांधकाम करणारे यांच्या संघटनेला सनद मिळाली 1568 साली आणि क्रम मिळाला सदतिसावा.

आणखी एक टायलर आहे, तो फ्रीमेसन या बंधुसंघटनेच्या लॉजमध्ये, म्हणजे तिच्या शाखेच्या बैठकीत. बैठक चालू असताना दाराबाहेर उपसलेली तलवार घेऊन उभा राहतो त्या पहारेकऱ्याला ते टायलर म्हणतात. कौलाने घर झाकतात, तसं याने बैठक झाकायची.

अमेरिकेचा इतिहास वाचणाऱ्यांची तर जास्तच पंचाईत होते, कारण तिथे आठ वर्षांच्या अंतराने दोन्ही आडनावांचे राष्ट्राध्यक्ष झाले. दहावे जॉन टायलर, बारावे झॅकरी टेलर, मध्ये फक्त जेम्स पोक. राष्ट्राध्यक्ष हॅरिसन महिन्याभरात, 4 एप्रिल 1841ला वारले आणि उपाध्यक्ष टायलर त्यांच्या जागी आले. असं होण्याची ती पहिलीच वेळ. टायलर यांनी पद सोडताना टेक्सास देशात घेण्याच्या ठरावावर सही केली आणि त्यातून मेक्सिकोशी जे युद्ध पेटलं, त्यात नाव कमावून राष्ट्राध्यक्ष झाले सेनापती टेलर. 1790 साली जन्मलेल्या जॉन टायलर यांचा नातू 2025च्या मे महिन्यापर्यंत हयात होता, फक्त तीन पिढ्या! झॅकरी टेलर यांच्या आडनावात शिंपी असला, तरी कपड्यांच्या बाबतीत ते कमालीचे गबाळे म्हणून प्रसिद्ध होते. खरोखर शिंपीकाम केलेले राष्ट्राध्यक्ष म्हणजे सतरावे अँड्र्यू जॉन्सन. टेनेसीतल्या ग्रीनव्हिलमधलं त्यांचं दुकान अजून जपून ठेवलं आहे.

मग ही आडनावं मुलांची नावं कशी झाली? धंद्यावरून आडनाव हे आपल्याला नवं नाही. आपल्याकडे सुतार, लोहार, पोतदार, चिटणीस आहेत आणि मुंबईच्या पारशांनी तर इंग्रजी शब्दच घेतले, नरी कॉन्ट्रॅक्टर काय आणि फारुख इंजिनिअर काय. पण बारशाला कुणी मुलाचं नाव 'पोतदार' ठेवत नाही. इंग्रजी बोलणाऱ्यांत, विशेषतः अमेरिकेत, ते सर्रास होतं. 1990च्या दशकात टायलर तिथे मुलांच्या पहिल्या दहा नावांत होतं. त्याच सुमारास टेलर मुलींकडे सरकलं आणि मुलींच्या पहिल्या दहांत गेलं. म्हणून आज अमेरिकेत टायलर म्हटलं की बहुतेक वेळा मुलगा, टेलर म्हटलं तर विचारून घेतलेलं बरं.

लिहिताना सोपी खूण आहे ती शेवटच्या दोन अक्षरांत. टायलर 'ई-आर'वर संपतो, टेलर 'ओ-आर'वर. मध्ये 'वाय' दोघांतही आहे, कारण जुन्या इंग्रजीत 'आय' आणि 'वाय' कसेही लिहीत. पुढे शिंप्यासाठी 'आय' ठरला आणि कौलासाठीही, नावांनी मात्र आपला जुना 'वाय' सोडला नाही.

भाच्याने नंतर त्या मित्राला विचारलं, तुझं नाव टेलर का ठेवलं? तो म्हणाला, आईचं माहेरचं आडनाव. तिच्या घरी पुढे आडनाव चालवायला कुणी उरलं नव्हतं, म्हणून आजोबांनी ते नातवाला नाव म्हणून दिलं.