आरक्षण नेमकं कधी उठतं? कलम १२७ ची पार्श्वभूमी

डीपीत, म्हणजे शहराच्या विकास आराखड्यात, एखाद्या जागेवर मैदान-रस्त्यासारख्या सार्वजनिक कामासाठी आरक्षण पडलं की सातबाऱ्यावरचं नाव तसंच राहतं, बांधकाम परवानगी तेवढी थांबते. ती किती वर्षं थांबावी, हा महाराष्ट्रातला जुना वाद आहे.

१९१५ च्या मुंबई नगररचना कायद्याचा भर योजनांवर होता. सगळ्यांच्या जमिनी एकत्र करायच्या, रस्ते-मोकळ्या जागा काढून घ्यायच्या आणि उरलेले भूखंड नव्याने आखून मालकांना परत द्यायचे. १९५४ च्या कायद्याने अख्ख्या शहराचा विकास आराखडा बंधनकारक केला आणि गणित बदललं. नकाशावर रंग आधी भरायचे, पैसे नंतर बघू. १९६६ च्या प्रादेशिक व नगररचना अधिनियमाने ही पद्धत कायम ठेवली, पण मालकासाठी एक दार उघडं ठेवलं: कलम १२७. आराखडा लागू झाल्यापासून दहा वर्षांत जमीन घेतली नाही, तर मालकाने नोटीस द्यायची. त्यानंतर सहा महिन्यांत जमीन संपादित झाली नाही किंवा संपादनासाठी पावलं उचलली गेली नाहीत, तर आरक्षण व्यपगत, म्हणजे आपोआप रद्द.

सगळा घोळ त्या ‘पावलां’चा. नोटीस आली की पालिकेने सर्वसाधारण सभेत ठराव करायचा, जिल्हाधिकाऱ्यांकडे प्रस्ताव धाडायचा आणि फाइल मिटायची. तिजोरीत पैसा नाही हे सगळ्यांना माहीत, तरी कागदावर पाऊल पडलेलं. जुन्या एका निकालातल्या निरीक्षणाचा आधार घेऊन प्रस्ताव पाठवला की पुरे, असा युक्तिवाद वर्षानुवर्षं चालला. २००७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दोन विरुद्ध एक अशा बहुमताने तो फेटाळला. जे पाऊल खरोखर संपादनाकडे नेतं तेच पाऊल, म्हणजे संपादनाची घोषणा राजपत्रात यायला हवी. नुसता ठराव किंवा पत्रव्यवहार चालणार नाही. मतभेद नोंदवणाऱ्या न्यायमूर्तींचा कल नियोजनाच्या सार्वजनिक हेतूकडे होता, आणि ती चिंता खोटी नव्हती. आरक्षण उठलं की मैदानाची जागा शेजारच्या जमिनीसारखीच बांधकामाला मोकळी होते, आणि गेलेलं मैदान परत येत नाही. पण दहा वर्षं वाट पाहिलेल्या मालकाला आणखी एका ठरावावर थांबवणं, हे नियोजन कसलं? २०१३ मध्ये बहुमताचीच भूमिका पुन्हा उचलून धरली गेली.

विधिमंडळाने उत्तर दिलं ते मुदत वाढवून. २००९ मध्ये सहाचे बारा महिने झाले, २०१५ मध्ये बाराचे चोवीस. अर्थ सोपा होता: पालिकेला वेळ हवा होता, आणि तो मालकाच्या खात्यातून काढला गेला.

दरम्यान जमिनीच्या बदल्यात पैशांऐवजी चटईक्षेत्र, म्हणजे जादा बांधकामाचा हक्क, देण्याची वाट रुळली होती. मुंबईच्या १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीने टीडीआर (दुसरीकडे वापरता किंवा विकता येणारा विकास हक्क) आणला, पुढे १९६६ च्या अधिनियमाच्या कलम १२६ मध्येही तशी तरतूद झाली. मोबदला कागदावरच्या बांधकाम हक्काचा, पण टीडीआरला भाव हवा, आणि छोट्या शहरांत घेणारा भेटत नाही. १ जानेवारी २०१४ पासून नवा भूसंपादन कायदा लागू झाला, रोख मोबदला वाढला आणि पालिका आणखीच टीडीआरकडे वळल्या.

आजही दोन गोष्टींत लोक फसतात. कलम ४९ ची खरेदी सूचना (जमीन विकत घ्या, अशी मालकाची मागणी) आणि कलम १२७ ची नोटीस एक नव्हेत: पहिली राज्य शासनाकडे जाते, दुसरी नियोजन प्राधिकरणाकडे (शहरात सहसा पालिकाच), आणि दुसरीसोबत मालकी हक्काची कागदपत्रं जोडावी लागतात. दुसरं असं, की नोटीस देण्याआधीच सुधारित आराखडा लागू झाला, तर दहा वर्षं नव्याने मोजली जातात. शिवाय आरक्षण व्यपगत झाल्याचा आदेश राजपत्रात यावा लागतो, आणि तो हातात नसेल तर बांधकाम परवानगीचा अर्ज तिथेच अडतो.