वॉक-इन आणि तत्काळ: पासपोर्टच्या दोन वेगळ्या घाया

परभणी जिल्ह्यातल्या सेलूत माझं ऑनलाइन फॉर्म भरायचं दुकान आहे. पीकविमा, उत्पन्नाचा दाखला, शिष्यवृत्ती हे रोजचं काम. पासपोर्टवाले त्या मानानं कमी, पण एकदा आले की तासभर खुर्ची सोडत नाहीत. यात्रेला जाणारे असतात, हज-उमऱ्याला जाणारे असतात, आखातात कामाला निघालेली पोरं असतात, आणि अलीकडे मुलीच्या बाळंतपणासाठी परदेशी निघालेल्या आया तर बऱ्याच. फॉर्म उघडायच्या आधीच बहुतेकांचा एक प्रश्न ठरलेला असतो: "वॉक-इननं करू का तत्काळनं?" म्हणजे अपॉइंटमेंटची तारीख न घेता सरळ पासपोर्ट केंद्रावर जाऊ, का जास्त पैसे भरून लवकर काढू?

प्रश्न असा येतो, जणू एकाच गावाला जायच्या दोन गाड्या आहेत आणि त्यातली लवकर पोचणारी कोणती ते मी सांगायचं. एक तर या गाड्या एका गावाला जात नाहीत. शिवाय काही वेळा दोन्हीत बसता येतं, आणि पुष्कळदा एकीतही बसायची गरज नसते.

मागं एक मावशी आल्या होत्या. वय सदुसष्ट, मुलगी दुबईला, सातवा महिना. जावयानं फोनवर सांगितलं होतं की साठीच्या पुढच्यांना तारीख लागत नाही, सरळ केंद्रावर जायचं. मावशींनी ते शब्दशः घेतलं. सकाळची मराठवाडा एक्स्प्रेस धरली, सोबत नातू, कापड दुकानाच्या पिशवीत आधार, पॅन, बँकेचं पासबुक आणि रेशनकार्ड. दारावरच्या माणसानं हातातली छापील यादी बघितली आणि विचारलं, "एआरएन नंबर?" मावशींना वाटलं मोबाइल नंबर मागतोय. त्यांनी तो पाठ म्हणून दाखवला. संध्याकाळच्या गाडीनं परत.

दुसऱ्या दिवशी दुकानात आल्या त्या चिडूनच. "साठीच्या पुढं तारीख लागत नाही म्हणले ना? मग मला काहून परत लावलं?"

जावयाचं चुकलं नव्हतं. त्यानं निम्मं सांगितलं होतं.

वॉक-इन म्हणजे अपॉइंटमेंट न घेता केंद्रावर जाणं. सूट मिळते ती फक्त तारखेची, अर्जाची नाही. अर्ज आधी ऑनलाइनच भरावा लागतो. त्यासाठी पासपोर्ट सेवेच्या सरकारी संकेतस्थळावर खातं काढायचं, फॉर्म भरायचा, मग एआरएन मिळतो, म्हणजे अर्जाचा संदर्भ क्रमांक. तो छापून किंवा एसएमएसमध्ये दाखवून दारात उभं राहायचं. केंद्रावर कोरा फॉर्म घेऊन पेननं भरून देणं ही जुन्या काळातली गोष्ट झाली. मावशींच्या डोक्यात तोच काळ होता, कारण त्यांच्या दिरानं पंचवीस वर्षांपूर्वी पासपोर्ट काढला तेव्हा तसंच होतं.

आणि ही सूट सगळ्यांना नाही. साठीच्या पुढची माणसं, चार वर्षांच्या आतली लेकरं, दिव्यांग, वैद्यकीय किंवा घरातल्या मृत्यूसारखी अडचण असलेले, असे काही गट. त्यांनाही आत घ्यायचं की नाही हे त्या दिवशीची गर्दी बघून केंद्रातले अधिकारी ठरवतात. हक्क म्हणून भांडता येत नाही. मोठ्या शहरातल्या पूर्ण पासपोर्ट सेवा केंद्रात टोकनचे काउंटर जास्त असतात, तिथं एखादा म्हातारा माणूस मध्ये सामावून घेणं सोपं जातं. आपल्या मराठवाड्यात बहुतेकांचं काम पोस्टातल्या केंद्रात होतं. ही पोस्टातली केंद्रं २०१७ पासून सुरू झाली. त्याआधी आपल्याकडची माणसं या कामासाठी रात्रभर प्रवास करून लांबच्या शहरांत जायची, त्या मानानं आता मोठी सोय झाली. पण पोस्टातली जागा म्हणजे एक-दोन खोल्या, दोन-चार टेबलं. तिथं दिवसाच्या ठरलेल्या तारखाच कशाबशा उरकतात. म्हणून पोस्टातल्या केंद्राच्या भरवशावर वॉक-इनचा बेत करून गाडीभाडं खर्चू नका, असं मी तरी सांगतो. जायचंच असेल तर आधी १८००-२५८-१८०० या टोल फ्री नंबरवर विचारा.

आता तत्काळ. तत्काळमध्ये दाराची सूट नसते. अपॉइंटमेंट घ्यावीच लागते, फक्त तिचा कोटा वेगळा असतो. पैसे जास्त लागतात: मोठ्या माणसाच्या ३६ पानी पासपोर्टला साध्या योजनेत १५०० रुपये, तत्काळमध्ये त्यावर आणखी २०००. म्हणजे एकूण साडेतीन हजार. त्यातले १५०० ऑनलाइन भरायचे आणि वरचे २००० केंद्रावर, अर्ज तत्काळमध्ये चालेल असं तिथं ठरल्यावर. हे बारकं आहे, पण लक्षात ठेवण्यासारखं. काउंटरवरच्या माणसानं "तुमचा अर्ज तत्काळमध्ये बसत नाही, साध्यात टाकतो" म्हटलं तर ते दोन हजार खिशातच राहतात.

या पैशांत मिळतं काय? मिळते ती काउंटर सोडल्यानंतरची गती. अर्ज मंजूर झाला आणि आधी पोलीस पडताळणीची गरज नसली, तर अर्ज दिल्याचा दिवस सोडून तिसऱ्या कामाच्या दिवशी पासपोर्ट रवाना व्हावा अशी अपेक्षा असते. पडताळणी बहुधा नंतर होते. साध्या योजनेत उलटं: पहिल्यांदा पासपोर्ट काढत असाल तर आधी पोलीस, मग छपाई. तत्काळ ही ज्याला पाहिजे त्याला मिळेलच अशी गोष्ट नाही, शेवटचा शब्द पासपोर्ट कार्यालयाचा. मोठा नावबदल करणाऱ्यांना, दत्तक मुलांना वगैरे ती वाट बंदच असते.

म्हणजे वॉक-इनचं काम दाराशी संपतं आणि तत्काळचं काम दाराच्या आत गेल्यावर सुरू होतं. आता यातली तुमची अडचण कुठं आहे ते बघा. आमच्याकडं बहुतेकांची अडचण दोन्हींपैकी कुठंच नसते. ती असते गावातल्या पोलीस ठाण्यात, किंवा आधार कार्डावर.

पोलिसांचं थोडक्यात सांगतो. साध्या अर्जात फाइल तुमच्या पत्त्यावरच्या ठाण्याकडं जाते. अंमलदार फोन करतो, आधार घेऊन या म्हणतो, कधी शेजारचे दोन साक्षीदार मागतो. ज्यांचा पत्ता एका गावचा आणि राहणं पुण्यात किंवा वाळूजला कंपनीत, त्यांची गाडी इथं अडते. फोन आला तेव्हा माणूस रात्रपाळीत झोपलेला असतो, दोनदा उचलला जात नाही, अहवाल "पत्त्यावर आढळून आले नाहीत" असा जातो. अशा माणसानं वॉक-इननं पहिल्याच दिवशी अर्ज दिला तरी तारीख घेऊन दहा दिवसांनी दिलेल्या माणसापेक्षा पासपोर्ट लवकर येणार नाही. म्हणून असल्या पोरांना मी फॉर्म भरतानाच सांगतो: अर्जात जिथं खरंच राहता तोच पत्ता टाका. देशात कुठल्याही केंद्रावर अर्ज देता येतो, २०१८ पासून. पत्ता गावचा ठेवून पुण्याच्या केंद्रात अर्ज दिला तरी चालतो, पण पोलीस गावच्या पत्त्यावरच शोधायला जातात.

नावाचं मात्र सविस्तर सांगायला पाहिजे, कारण तत्काळची फजिती इथं होते.

तत्काळला मोठ्या माणसाला ठरलेल्या यादीतली तीन कागदपत्रं लागतात: आधार, पॅन, मतदान कार्ड, रेशनकार्ड, वाहन परवाना, बँक पासबुक, पेन्शनचे कागद अशातली कुठलीही तीन. २०१८ च्या आधी वर्ग एकच्या अधिकाऱ्याचं पडताळणी पत्र चालायचं, त्यासाठी लोक तहसीलच्या ओसरीत ताटकळायचे. ते पत्र बंद झालं. आता तीन कागद पुरे. पण तिन्ही कागदांवर नाव एकसारखं पाहिजे. आणि आपल्याकडं ते कधी असतं?

मावशींच्या आधारवर नावाला "बाई" जोडलेलं. पॅनवर नुसतं नाव. पासबुकात नवऱ्याच्या नावाला "राव", आधारवर "राव" नाही. रेशनकार्डावर तर आडनावाऐवजी नवऱ्याचंच नाव दोनदा. मराठी माणसाला यात काहीच वावगं दिसत नाही. गावात प्रत्येक बाईला बाई आणि प्रत्येक बुवाला राव म्हणायचीच रीत. पण काउंटरवरच्या संगणकाला ही तीन वेगळी माणसं वाटतात. शेख घराण्यातल्या लोकांचंही हेच: एका कागदावर "शेख" नावाच्या आधी, दुसऱ्यावर नावाच्या मागे, तिसऱ्यावर नुसतं "शे." आणि टिंब.

अशी फाइल घेऊन तत्काळला गेलं की तीनपैकी दोन कागद बाद होतात आणि अर्ज साध्या योजनेत जातो किंवा कागदांसाठी रोखून धरला जातो. अशी फाइल घेऊन वॉक-इननं गेलं तर तेच होतं, फरक इतकाच की तारखेशिवाय होतं. मावशींना मी आधी आधार केंद्रात पाठवलं. नाव दुरुस्त व्हायला काही दिवस गेले. त्या दिवसांत त्या रोज दुकानावरून जाताना विचारायच्या, "झालं का रं?" जणू ते माझ्याच हातात होतं.

जन्मतारखेचंही असंच, पण ते लवकर आटोपतं. शाळेत घालताना गुरुजींनी एक जून टाकलेली माणसं आपल्याकडं ढिगानं सापडतात. कागदांवर सगळीकडं एक जूनच असेल तर चिंता नाही, सगळीकडं सारखी आहे ना, मग झालं. एका कागदावर एक जून आणि दुसऱ्यावर आईनं सांगितलेली पोळ्याच्या आदल्या दिवसाची तारीख असेल तर मात्र आधी ते जुळवा. लहान लेकरांसाठी नियम आणखी कडक झालाय: १ ऑक्टोबर २०२३ ला किंवा त्यानंतर जन्मलेल्यांना जन्माचा पुरावा म्हणून फक्त जन्मदाखलाच चालतो. चार वर्षांच्या आतलं लेकरू वॉक-इननं न्यायचं ठरवलंत तर पांढऱ्या पार्श्वभूमीचा साडेचार बाय साडेतीन सेंटिमीटरचा फोटो सोबत ठेवा. एवढ्या लहानांचा फोटो केंद्रावर काढत नाहीत, आणि त्या वयात सरळ बघणारही कोण?

आणखी एक गोंधळ याच दोन शब्दांच्या आसपास फिरतो. कधी ऐकायला येतं, "अमक्यानं अपॉइंटमेंटशिवाय मुंबईला जाऊन काम करून आणलं." विचारून बघितलं की कळतं, तो प्रादेशिक पासपोर्ट कार्यालयात गेलेला, अडकलेल्या फाइलची चौकशी करायला. संभाजीनगरचं पोस्टातलं केंद्र मुंबई कार्यालयाशी जोडलेलं आहे, नांदेडकडची माणसं नागपूर कार्यालयाखाली येतात. या कार्यालयांत रेंगाळलेल्या अर्जाची चौकशी करता येते, त्यासाठी संकेतस्थळावरून वेगळी वेळही मिळते. पण नवा अर्ज तिथं घेत नाहीत. फाइल अडकलेली असेल तर तिथं जाण्यात अर्थ आहे, नवी फाइल घेऊन गेलात तर नुसतंच मुंबईदर्शन होईल.

तत्काळची अपॉइंटमेंट मिळाली नाही म्हणून एआरएन घेऊन केंद्रावर विनंती करायला गेलेलेही मला माहीत आहेत. कुणाला घेतलं, कुणाला नाही. तेव्हा दोन्ही घाया एकत्र येतात, पण तो सगळा त्या दिवशीच्या अधिकाऱ्याच्या निर्णयाचा भाग.

मग मावशींचं काय झालं? आधार दुरुस्त झालं तेव्हा मी साध्या योजनेच्या तारखा उघडून बघितल्या. जालन्याला नवव्या दिवसाची तारीख रिकामी होती. साध्या योजनेत पहिल्यांदा अर्ज करणाऱ्या साठीपुढच्यांना फीमध्ये दहा टक्के सूट असते, म्हणजे १५०० च्या जागी १३५०. तत्काळमध्ये ही सूट नाही. हिशोब मांडून दाखवला: तत्काळला दोन हजारांहून जास्त खर्च, त्यात पुढची तिकिटं अजून काढलेली नाहीत, मुलीचे दोन महिने बाकी. ठाण्यातल्या अंमलदाराचा फोन येईल तेव्हा उचला, एवढंच काम. वॉक-इनचा विषय तर मी काढलाच नाही. पुन्हा एकदा पिशवी घेऊन गाडी धरायची त्यांची तयारी नव्हती.

नातवानं मावशींच्या फोनमध्ये ठाण्याचा नंबर "पोलीस मामा" नावानं साठवून ठेवला. फोन आला तेव्हा मावशी भाजी निवडत होत्या. त्यांनी आधी नातवाला हाक मारली, मग फोन उचलला, आणि पुन्हा एकदा आपला मोबाइल नंबर पाठ म्हणून दाखवला.