पार्श्वभूमी : पांढरे मार्जरीन, पिवळे लोणी आणि अमेरिकेतली गृहिणी

अमेरिकी स्वयंपाकघराचा इतिहास म्हटला की उघड्या चुलाण्यापासून गॅसपर्यंत आणि बर्फाच्या पेटीपासून फ्रीजपर्यंत सगळी यंत्रे ओळीने सांगितली जातात. करकायदा त्यात कुठे येत नाही. प्रत्यक्षात १८८६ ते १९५० या काळात तिथल्या घरात पावाला काय लावायचे, ते कितीला मिळणार आणि कोणत्या रंगाचे असणार, यावर वॉशिंग्टनची पकड होती.

त्याआधीचे थोडक्यात. शेतावरच्या घरात लोणी काढणे हे बाईचे काम. अंडी आणि लोणी दुकानात देऊन कापड, साखर, कॉफी आणायची, आणि हा हातखर्च बहुधा तिच्याच ताब्यात असे. १८८०च्या दशकात गरगर फिरवून दुधातून साय वेगळी करणारे यंत्र आले आणि लोणी हळूहळू घरातून कारखान्याकडे निघाले. त्याच सुमारास मार्जरीनचा बोलबाला सुरू झाला. १८६९मध्ये फ्रान्समध्ये सैन्यासाठी आणि गरिबांसाठी शोधलेला, गाईबैलांच्या चरबीपासून केलेला हा स्वस्त पदार्थ होता. काही व्यापारी तो सर्रास लोणी म्हणून खपवत. म्हणजे दूधवाल्यांची तक्रार खोटी नव्हती. पण तिच्यावर जो उपाय निघाला, तो फसवणुकीपुरता राहिला नाही.

१८८६च्या केंद्रीय कायद्याने मार्जरीनवर पौंडामागे २ सेंट कर बसवला. परवान्याची वार्षिक फी कारखानदाराला ६००, घाऊक व्यापाऱ्याला ४८० आणि किरकोळ दुकानदाराला ४८ डॉलर. काही राज्यांनी तर मार्जरीन गुलाबी रंगवूनच विकावे असा नियम केला. गुलाबी गोळा पावाला कोण लावणार? हेतू तोच होता. १८९८मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो प्रकार मोडून काढला. मग सगळे भांडण पिवळ्या रंगावर आले.

इथे एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. लोणीही बारा महिने पिवळे नसते. उन्हाळ्यात गाई हिरवे गवत खातात तेव्हा रंग येतो, हिवाळ्यात वाळल्या वैरणीवर तेच लोणी फिकट पडते. म्हणून लोणीवालेही शेंद्रीच्या बियांचा रंग घालत, आणि त्याला कायद्याची आडकाठी नव्हती. १९०२च्या दुरुस्तीने मात्र कृत्रिम रंग दिलेल्या मार्जरीनवर पौंडाला १० सेंट आणि न रंगवलेल्यावर पाव सेंट असा कर ठेवला. पाव आणि दहा, म्हणजे चाळीस पट.

या दुरुस्तीतले एक कलम बारकाईने वाचण्यासारखे आहे. दुसऱ्यांना खायला देण्यासाठी जो कोणी मार्जरीनमध्ये रंग मिसळेल तो कारखानदार समजला जाईल, असे ते म्हणते. अपवाद एकच : स्वतःच्या कुटुंबाच्या टेबलासाठी, मोबदला न घेता. खाणावळ चालवणारी विधवा भाडेकरूंसाठी मार्जरीन पिवळे करू लागली तर कायद्याने ती कारखानदार. पौंडाला १० सेंट कर आणि वर ६०० डॉलरचा परवाना. तीच बाई पोरांसाठी तेच काम करील तर पूर्ण मोकळी. पदार्थ तोच, रंग तोच, हातही तेच. फरक फक्त पैसे मिळण्या-न मिळण्याचा. घरकामाला मोल नाही ही समजूत करकायद्यात इतकी उघड लिहिलेली क्वचितच सापडते. कारखान्यात यंत्राने होणारे काम कायद्याने बाईच्या ओट्यावर नेऊन ठेवले आणि सवलत म्हणून तिला देऊ केले.

या कराची न्यायालयात परीक्षा झाली तीही गंमतीशीर प्रकरणात. ओहायोतल्या एका दुकानदाराने पिवळे मार्जरीन पाव सेंट कर भरल्याच्या तिकिटावर घेतले आणि त्याला ५० डॉलर दंड झाला. त्याचे म्हणणे असे की मार्जरीनला वेगळा रंग घातलेलाच नाही. त्यात मिसळलेले लोणी पिवळे होते. आणि ते लोणी? तेही रंगवलेलेच, पण कायदेशीर. १९०४मध्ये न्यायालयाने सहा विरुद्ध तीन मतांनी सरकारची बाजू घेतली. कर लावण्याचा अधिकार काँग्रेसला आहे, त्यामागचा हेतू आम्ही तपासणार नाही, असा निकालाचा मथितार्थ. पळवाट शोधणाऱ्यांनी नंतर मुळातच पिवळसर असलेली तेले वापरून पाहिली, तर १९३१मध्ये तीही १० सेंटात ओढली गेली.

त्यामुळे दुकानातून पांढरा गोळा आणि सोबत रंगाची पुडी घरी येई. मोठ्या भांड्यात गोळा मऊ करायचा, रंग टाकायचा आणि मळत बसायचे. नीट न मळल्यास पिवळ्या रेघा राहत. दुसऱ्या महायुद्धात लोण्यावर रेशन आले आणि ज्या घरांनी मार्जरीनला कधी दारात उभे केले नव्हते त्यांच्याही टेबलावर ते आले. १९४०च्या दशकाच्या अखेरीस मार्जरीनच्या प्लॅस्टिकच्या पिशवीतच रंगाची गोळी मिळू लागली. ती बोटांनी फोडून पिशवी दाबत राहायची. हे काम मुलांकडे जाई, आणि पिशवी एकमेकांकडे फेकत रंग मिसळल्याच्या आठवणी त्या पिढीचे लोक अजून सांगतात. आठवण गोड आहे, पण तो कायद्याने लादलेला भुर्दंड होता, हे त्या गोडव्यात विसरले जाते.

कर उठला तो केवळ गृहिणींच्या रोषामुळे नव्हे. चरबीची जागा तोवर सरकी आणि सोयाबीनच्या तेलाने घेतली होती, म्हणजे आता मार्जरीनच्याही पाठीशी शेतकरी होते, तेही दक्षिणेकडचे, मतांच्या हिशेबात वजनदार. १९४८मध्ये प्रतिनिधिगृहाने कर रद्द करण्याचे विधेयक मंजूर केले, सिनेटमध्ये ते अडले, आणि १९५०मध्ये अखेर कायदा झाला. (आपल्याकडेही वनस्पती तुपाला वेगळा रंग द्यावा अशी मागणी जोरात होती. सरकारने त्याऐवजी त्यात तिळाचे तेल सक्तीचे केले, म्हणजे तुपातली भेसळ प्रयोगशाळेत पकडता येते. गृहिणीला तरी त्यातून वगळले.)

राज्यांचे कायदे राहिलेच. विस्कॉन्सिन हे दुभत्याचे राज्य सर्वांत शेवटपर्यंत अडून बसले, आणि तिथली कुटुंबे शेजारच्या इलिनॉयमध्ये जाऊन डिकी भरभरून पिवळे मार्जरीन आणत. १९६५मध्ये लोण्याचा कट्टर कैवारी असलेला तिथल्या राज्य विधिमंडळातला एक सिनेटर डोळे बांधून चव ओळखायला बसला आणि मार्जरीनलाच लोणी म्हणाला. त्याच्या प्रकृतीसाठी बायको घरात गुपचूप मार्जरीनच वाढत होती, असे घरच्यांनी पुढे सांगितले. १९६७मध्ये तिथली पिवळ्या मार्जरीनवरची बंदी उठली.

तोवर मार्जरीनने खपात लोण्याला मागे टाकले होते. १९३०च्या दशकात माणशी वर्षाला सुमारे १८ पौंड लोणी खाणारा देश १९९०च्या दशकात साडेचार पौंडांच्या आसपास आला. हृदयविकाराच्या धास्तीने लोणी खलनायक ठरले. मग ट्रान्स फॅटचे, म्हणजे तेल हायड्रोजनने घट्ट करताना तयार होणाऱ्या घातक चरबीचे, संशोधन आले आणि फासा उलटला : अशी अंशतः हायड्रोजनीकृत तेले सुरक्षित मानता येत नाहीत, असे केंद्रीय अन्न-औषध प्रशासनाने २०१५मध्ये ठरवले. ज्या मार्जरीनला अर्धशतक आरोग्याचे प्रशस्तिपत्र मिळाले होते, त्याचा मूळ साचाच त्यात बाद झाला.

जुनी कलमे मात्र सगळी गेलेली नाहीत. १९५०च्या कायद्याने उपाहारगृहात मार्जरीनची वाढणी लेबलसह द्यावी, नाहीतर तिचा तुकडा त्रिकोणी असावा, अशी अट घातली होती. ती केंद्रीय कायद्यात अजून आहे. आणि विस्कॉन्सिनच्या उपाहारगृहात, गिऱ्हाईकाने स्वतः मागितल्याशिवाय, लोण्याऐवजी मार्जरीन वाढणे आजही बेकायदेशीर आहे.