मिडीक्लोरियन म्हणजे फोर्स नाही, शंभरदा सांगून झालं

रविवारी मिसळ खाताना मावसभाऊ परत तेच बोलला, "अनाकिनच्या रक्तात फोर्स सगळ्यात जास्त होता ना दादा." माझा पाव रश्श्यात बुडवलेला तसाच राहिला. या माणसाला स्टार वॉर्सचे डायलॉग पाठ आहेत आणि तरी रक्तातले मिडीक्लोरियन म्हणजेच फोर्स, हा घोळ.

फोर्स काय ते तुम्हाला माहितीये, त्यावर वेळ घालवत नाही. १९७७ च्या पिक्चरमध्ये म्हातारा योद्धा ओबी-वान हिरो ल्यूकला सांगतो तेच, सगळ्या सजीवांमुळे तयार होणारं, आपल्या आत-बाहेर असलेलं आणि गॅलेक्सीला बांधून ठेवणारं ऊर्जेचं क्षेत्र. बास. (आणि त्याला 'जादू' म्हणू नका, डोक्यात जातं.)

मिडीक्लोरियन आले १९९९ मध्ये. पेशीत राहणारे सूक्ष्म जीव, नाव मायटोकॉन्ड्रियासारखं, मराठी मीडियमवाल्यांना तंतुकणिका आठवतील. टॅटूइन ग्रहावर फोर्स वापरणारा योद्धा क्वाय-गॉन छोट्या अनाकिनच्या हाताची जखम साफ करतो, इन्फेक्शन बघायचंय म्हणून रक्त घेतो, तिकडे जहाजावर त्याचा चेला, तरुण ओबी-वान, तपासतो तर मिडीक्लोरियनचा आकडा २०,००० च्या वर, सगळ्यांचा गुरू योडाचाही एवढा नाही. लोकांच्या डोक्यात एवढाच सीन चिकटला. पण त्याच पिक्चरमध्ये नंतर पोरगं स्वतः विचारतं की मिडीक्लोरियन म्हणजे काय, तेव्हा क्वाय-गॉन सरळ सांगतो की ते आपल्याशी बोलत असतात आणि फोर्सची इच्छा आपल्याला कळवतात. कळवतात! पोस्टमनलाच मनीऑर्डर समजायचं का मग?

नाशिककरांना तर हे पटकन कळायला पाहिजे. पावसाळ्यात गंगापूर धरणातून पाणी सोडलं की आपण काय विचारतो, नदीपात्रातल्या दुतोंड्या मारुतीच्या मूर्तीला कुठपर्यंत लागलं? गुडघ्यापर्यंत, कमरेपर्यंत, छातीपर्यंत, यावरून गंगेला (म्हणजे आपल्या गोदावरीला) पूर किती ते आख्खं गाव ठरवतं. पण मारुतीतून पूर आला असं कोणी म्हणत नाही, आणि मारुती म्हणजेच गोदावरी असं तर अजिबात नाही. २०,००० हा मारुतीवरचा आकडा आहे, नदी वेगळी. फरक इतकाच की मारुती गप्प उभा असतो आणि हे जीव बोलतात.

तरी पटत नसेल तर १९८० चा पिक्चर घ्या. दलदलीत योडा ल्यूकला सांगतो की फोर्स झाडात आहे, दगडात आहे, जमीन आणि जहाजाच्या मधेही आहे, आणि मग ल्यूकचं दलदलीत बुडालेलं जहाज, ते एक्स-विंग, उचलून दाखवतो. आता दगडाला पेशी असतात का? जहाजाचं रक्त काढून बघा जरा. पेशी नाही म्हणजे मिडीक्लोरियन नाही, पण फोर्स तिथं आहेच. ओबी-वानचं तर मरताना शरीरच गायब झालं, नुसता झगा उरला, तरी ल्यूकशी बोलतोयच ना तो. आणि २००५ च्या पिक्चरमध्ये व्हिलन पाल्पटाइन डार्थ प्लेगस नावाच्या एकाची गोष्ट सांगतो त्यात फोर्स वापरून मिडीक्लोरियनवर असर करायचा आणि जीव निर्माण करायचा असं आहे. एकाने दुसऱ्यावर असर करायचा तर आधी दोन वस्तू लागतात.

खरी गोची पुढे आहे आणि इथं मात्र चुकणाऱ्याला मी थोडं समजून घेतो. क्वाय-गॉन हेही म्हणतो की मिडीक्लोरियन नसते तर जीवसृष्टीच नसती. आणि योडा म्हणतो की फोर्स जीवनातून निर्माण होतो, वाढतो. दोन्ही जोडलं तर मिडीक्लोरियनशिवाय फोर्सही नाही असं निघतं, आणि लोक तिथून उडी मारून म्हणतात, म्हणजे दोन्ही एकच. अरे, पाण्याशिवाय द्राक्षाचा घड लागत नाही हे दिंडोरी-निफाडकडच्या पोरालाही कळतं, म्हणून पाण्याच्या बाटलीला तो द्राक्ष म्हणतो का?

बाकी आकडा मोठा म्हणजे माणूस भारी, हेही डोक्यातून काढा. एवढा आकडा घेऊन मोठा झालेला अनाकिन मुस्ताफार ग्रहावर ओबी-वानसमोर लढायला उभा राहिला आणि ओबी-वानने त्याचे दोन्ही पाय आणि उरलेला हात (एक आधीच गेलेला) कापला.

मला विचाराल तर तो रक्ततपासणीचा सीन नसता तरी चाललं असतं, मला १९८० चा दलदलीतला योडाच पुरतो. पण सीन आवडला नाही म्हणून त्यात नसलेलं त्याच्या तोंडी घालायचं हे काही बरोबर नाही.

हे सगळं भावाला ऐकवेपर्यंत मिसळ थंड झाली, दुसरा रस्सा मागवावा लागला. शेवटी तो म्हणाला, "बरं, मग योडाचा मारुती कुठपर्यंत बुडालेला?" म्हटलं, हे चालेल.